'गरीब' या शब्दाची जातकुळी

'गरिबाला जात नसते' हे वाक्य अलीकडे फार ऐकू येते. सभांतून ऐकू येते, वर्तमानपत्रांतून वाचायला मिळते, आणि माझ्या वर्गात तर दर वर्षी एखादा विद्यार्थी उभा राहून ते म्हणतो. म्हणणारा प्रत्येक जण वाईट हेतूने म्हणतो असे नाही. मागे ज्या मुलाने ते म्हटले, त्याच्या घरी दोन एकर कोरडवाहू, आई रोजाने जाणारी, बहिणीचे लग्न कर्ज काढून झालेले. त्याची गरिबी खरी होती. मी त्याला अत्याचाराचे दाखले दिले, घटनेतील कलमे सांगितली. तो गप्प बसला. पण गप्प बसणे म्हणजे पटणे नव्हे, हे शिक्षकाला कळते. त्या दिवसापासून मी त्या वाक्यातील 'जात' हा शब्द बाजूला ठेवला आणि 'गरीब' ह्या शब्दाच्या मागे लागलो. जो शब्द आपण दिवसातून दहादा वापरतो, तो आला कुठून, आणि येताना त्याने काय आणले व काय टाकले, याचा शोध घेणे मला आवश्यक वाटले. त्या शोधाचा हा वृत्तान्त आहे.

१

'गरीब' हा शब्द मूळचा मराठी नाही, संस्कृतही नाही. तो अरबी आहे. फारसीच्या वाटेने आपल्याकडे आला. अरबीत त्याचा पहिला अर्थ 'निर्धन' असा नाहीच. 'गरीब' म्हणजे परका, परमुलखातला, आपले घरदार सोडून दूर आलेला. ज्या धातूपासून तो बनला त्याचा अर्थ दूर जाणे, निघून जाणे, मावळणे असा आहे. सूर्य ज्या दिशेला निघून जातो ती पश्चिम दिशा, आणि सूर्य मावळल्यावरची मगरिबची नमाज, हे शब्द त्याच धातूचे. उर्दूत 'गुरबत' म्हणजे परदेशवास आणि 'गुरबत' म्हणजेच दारिद्र्य. हिंदी सिनेमामुळे आपल्या कानावर पडलेल्या 'अजीबोगरीब' या जोडशब्दातही हाच 'गरीब' आहे. तेथे त्याचा अर्थ विलक्षण, अनोळखी असा उरला आहे. ज्याला पैसा नाही तो, हा अर्थ नंतर आला. का आला हे समजायला पंडित लागत नाही. ज्याचे गावात कोणी नाही, ज्याच्या बाजूने साक्ष द्यायला कोणी उभे राहात नाही, ज्याला जमिनीत वाटा नाही, तो निर्धन होणारच. परकेपण हे कारण आणि निर्धनता हा परिणाम. कालांतराने परिणाम शब्दात राहिला आणि कारण गळून पडले.

या बदलाच्या खुणा आपल्याच मराठवाड्यात उभ्या आहेत. खुलदाबादला बुऱ्हानुद्दीन गरीब या चिश्ती सूफीची दर्गा आहे. महंमद तुघलकाने दौलताबादला राजधानी हलवली त्या काळात दिल्लीहून दख्खनेत आलेल्यांपैकी ते एक. इ. स. १३३७ मध्ये ते वारले. त्यांच्या नावातील 'गरीब' हा शब्द घरापासून तुटलेला, फकिरी पत्करलेला असे दोन्ही सुचवतो. अजमेरच्या मोईनुद्दीन चिश्तींना 'गरीबनवाज' म्हणतात, त्यातही निर्धनांबरोबर निराधार आणि परके यांना जवळ करणारा हा भाव आहे.

पुढे बहामनी राज्यात हाच शब्द वेगळ्याच लोकांना लागला. बीदरच्या दरबारात दोन तट होते. एक दख्खनी, म्हणजे येथे पिढ्यान्‌पिढ्या रुजलेल्यांचा. दुसरा इराण, तुराण, अरबस्तान येथून आलेल्या सरदारांचा. या दुसऱ्या तटाला 'आफाकी' म्हणत, आणि 'गरीब'ही म्हणत. महमूद गावान हा इराणातील गिलानहून आलेला, राज्याचा वजीर झालेला, बीदरचा सुप्रसिद्ध मदरसा बांधणारा पुरुष हा या अर्थाने 'गरीब' होता. १४८१ मध्ये बनावट पत्राच्या आधारे त्याला ठार मारण्यात आले. म्हणजे पंधराव्या शतकातील बीदरमध्ये जहागिरी असलेला माणूसही गरीब असू शकत होता! आज हे वाक्य हास्यास्पद वाटते. पण हे वाक्य हास्यास्पद वाटू लागले तेव्हाच शब्दाचा अर्ध्याहून अधिक अर्थ आपण विसरलो, हे ध्यानात घेतले पाहिजे.

बीड आणि बीदर हे दोन्ही जिल्हे पुढे निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते. तेथे १८८४ पर्यंत कारभाराची भाषा फारसी होती, नंतर उर्दू झाली. १९४८ च्या सप्टेंबरात संस्थान भारतात विलीन होईपर्यंत आमच्या आज्या-पणज्यांच्या कानावर सरकार म्हणून जी भाषा पडली ती हीच. त्यामुळे 'गरीब' हा शब्द आमच्याकडे पुस्तकातून आला नाही. तो चावडीवरून आला.

२

आता कोणी म्हणेल, हा परकीय शब्द. आपला देशी शब्द 'दरिद्री' आहे, त्यात हे परकेपण कुठे आहे? तर तेथेही तेच आहे. संस्कृतातील 'दरिद्र' हा शब्द 'द्रा' म्हणजे धावणे या धातूपासून येतो. पुन्हापुन्हा धावणारा, इकडून तिकडे भटकणारा, हा त्याचा जुना अर्थ. गरजू, निर्धन हा पुढचा. एक शब्द अरबस्तानातला, दुसरा वैदिक संस्कृतातला. दोघांचा एकमेकांशी संबंध नाही. तरीही दोन्ही भाषांनी निर्धन माणसाला नाव देताना त्याची थैली पाहिली नाही, त्याचे पाय पाहिले. हा माणूस एका जागी ठरू दिला जात नाही, हे दोघांनीही आधी टिपले.

पालीत 'दरिद्र'चे 'दलिद्द' झाले, आणि मराठीत 'दळिद्र'. पाली साहित्यात या शब्दाला फार मोठी प्रतिष्ठा आहे. दीघनिकायातील चक्कवत्ति-सीहनाद सुत्तात असे सांगितले आहे की, राजाने निर्धनांना धन पुरवले नाही म्हणून दारिद्र्य वाढले. दारिद्र्यातून चोरी, चोरीतून शस्त्रे, शस्त्रांतून हत्या, हत्येतून खोटेपणा, असे समाजाचे पतन होत गेले. दोष तेथे दरिद्र्याच्या नशिबाचा नाही, राज्यकर्त्याच्या कर्तव्यच्युतीचा आहे. आणि मराठीत काय झाले? 'दळिद्री' ही शिवी झाली. कंजूष, अभद्र, घाणेरडा, ज्याचे तोंड सकाळी पाहू नये तो दळिद्री. बुद्धाने जो दोष राजसिंहासनाकडे नेला तो आमच्या भाषेने उचलून पुन्हा झोपडीत आणून टाकला. भाषा निष्पाप नसते. ती ज्यांच्या हाती असते त्यांचे काम करते.

३

व्युत्पत्ती हा समाजशास्त्राचा पुरावा नव्हे, हे मला मान्य आहे. शब्द कोठून आला यावरून माणसाची आजची स्थिती सिद्ध होत नाही. पण निर्धनतेच्या मुळाशी परकेपण आहे, हा विचार केवळ शब्दकोशातला नाही. बाबासाहेबांनी तो इतिहासाच्या अंगाने मांडला आहे.

१९४८ साली प्रसिद्ध झालेल्या अस्पृश्यांवरील ग्रंथात बाबासाहेबांनी असा सिद्धान्त मांडला की, अस्पृश्य हे मूळचे पराभूत टोळ्यांतून फुटून निघालेले लोक, त्यांच्या शब्दांत 'वाताहत झालेली माणसे' होत. वसलेल्या टोळ्यांना राखणीसाठी माणसे हवी होती, आणि या फुटलेल्यांना आसरा हवा होता. पण ते दुसऱ्या टोळीचे, दुसऱ्या रक्ताचे, म्हणून त्यांना गावाच्या आत घर मिळाले नाही, वेशीबाहेर मिळाले. येथे अस्पृश्यता अजून आलेली नाही, आले आहे ते परकेपण. आयर्लंड आणि वेल्समध्येही असेच वस्तीबाहेर राहणारे उपरे होते, हे त्यांनी दाखवले. मात्र तेथील उपरे काही काळाने गावात मिसळून गेले. येथे मिसळले नाहीत, कारण मधे अस्पृश्यता येऊन उभी राहिली. ती सुमारे इ. स. ४०० मध्ये आली असे त्यांचे अनुमान आहे.

याच ग्रंथात त्यांनी महाराष्ट्रातील महारांच्या बावन्न हक्कांचा उल्लेख केला आहे. घरोघरी भाकरी मागण्याचा, सुगीला धान्य मिळण्याचा, मेलेले ढोर नेण्याचा, असे हे हक्क. ते बीदरच्या मुसलमान राजांनी दिले अशी परंपरा आहे; बाबासाहेबांच्या मते ते त्याहून फार जुने, बीदरच्या राजांनी फक्त कायम केले.

येथे थांबून विचार करावा. ज्या बीदरमध्ये इराणातून आलेला 'गरीब' वजीर होत होता, त्याच बीदरच्या नावाने वेशीबाहेरच्या माणसाला भाकरी मागण्याचा हक्क मिळाल्याचे सांगितले जाते. दोघेही मूळ अर्थाने गरीबच, म्हणजे उपरे. एकाचे परकेपण एका पिढीत जहागिरीने पुसले गेले. दुसऱ्याचे दीड हजार वर्षांत पुसले गेले नाही. फरक पैशाने पडला काय? पैसा नंतर आला. फरक पडला तो उपऱ्याला आत घेण्याच्या किंवा न घेण्याच्या निर्णयाने. त्या निर्णयालाच आपण जात म्हणतो.

म्हणून बाबासाहेबांनी आपल्या पत्रांची नावे काय ठेवली ते पाहा. १९२० मध्ये 'मूकनायक', १९२७ मध्ये 'बहिष्कृत भारत'. 'बहिष्कृत' म्हणजे बाहेर घातलेला. 'गरीब' या शब्दातून जे गळून पडले होते तेच 'बहिष्कृत' या शब्दाने परत आणले. मजुरांचा प्रश्न त्यांना कमी महत्त्वाचा वाटत होता असे नाही. १९३६ मध्ये त्यांनी स्वतंत्र मजूर पक्ष काढला. पण त्याच वर्षी जातिनिर्मूलनावर लिहिलेल्या भाषणात त्यांनी बजावले की, जात ही केवळ श्रमांची विभागणी नाही, ती श्रमिकांची विभागणी आहे.

४

आता आमच्या जिल्ह्यात या. बीड हा ऊसतोड कामगारांचा जिल्हा. दसरा-दिवाळी आली की टोळ्या निघतात, पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात, आणि चैत्र-वैशाखाच्या उन्हात परत येतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, ती फेडायची असते. तेथे माणसाला नाव नसते. नवरा-बायको मिळून 'एक कोयता' असतो. एक दिवस आजारी पडले तर 'खाडा' लागतो आणि उचलीत भर पडते.

माझे आईबाप असाच एक कोयता होते. मी आजीजवळ गावात राहायचो, कधी त्यांच्याबरोबर फडावर जायचो. कोपी म्हणजे काय ते मला पुस्तकातून शिकावे लागले नाही. सहा महिने कारखान्याच्या मुलखात आम्हांला 'कुठले रे तुम्ही?' असे विचारले जाई. हे गावापासून दूर असलेल्या कोणत्याही माणसाला विचारले जाते, त्याचा राग नाही. पण सहा महिन्यांनी गावी परतल्यावर आमचे घर पुन्हा वेशीबाहेरच असे. बरोबरच्या टोळीत वंजारी होते, मराठे होते, बंजारा होते. उन्हात त्यांचीही पाठ भाजत होती, त्यांचीही लेकरे उसाच्या पाचटात झोपत होती. पण ते गावी परतत तेव्हा घरी परतत. आम्ही एका परमुलखातून दुसऱ्या परमुलखात परतत होतो. शिवाय फडावरसुद्धा आमच्या कोप्या थोड्या अलीकडे, आणि पाण्याचा हंडा वेगळा. मायने हे मला तक्रार म्हणून कधी सांगितले नाही. सरपण कुठे ठेवले हे सांगावे तसे सांगितले.

वर्गातील त्या मुलाला मी हे सांगायला हवे होते. त्याचे वडील हंगामापुरते गरीब होतात, परके होतात, आणि ते दुःख खरे आहे. माझा बाप बारमाही गरीब होता.

बाईची गोष्ट त्याहून पुढची. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातील ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न राज्यभर गाजला. शासनाने डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. सर्वेक्षणात ८२,३०९ स्त्रियांपैकी १३,८६१ स्त्रियांची गर्भाशये काढलेली आढळली. खाडा परवडत नाही म्हणून दुखणे अंगावर काढायचे, आणि अंगावर काढता येईना तेव्हा तो अवयवच काढून टाकायचा. येथे तर माणूस स्वतःच्या देहालाही परका झाला. याला उत्पन्नाच्या कोणत्या रकान्यात भरणार?

महंमद तुघलकाचा एक दात बीडजवळ पडला आणि त्याने त्या दातावर घुमट बांधला असे आमच्याकडे सांगतात. राजाच्या एका दाताला या जिल्ह्यात दगडी घर मिळाले. ज्यांनी दगड वाहिले त्यांची घरे कुठे होती, हे कोणी सांगत नाही.

५

'गरीब' या शब्दाला मराठीत आणखी एक अर्थ आहे, आणि तो मला सर्वांत घातक वाटतो. 'गरीब' म्हणजे मवाळ, निरुपद्रवी. गाय गरीब असते, म्हणजे ती लाथ मारत नाही. सून गरीब असते, म्हणजे ती उलटून बोलत नाही. हा अर्थ फारसी-उर्दूतही दिसतो, पण मराठीत तो चांगलाच मुरला. मोल्सवर्थच्या १८५७ च्या कोशात निर्धन आणि नम्र हे दोन्ही अर्थ शेजारी शेजारी नोंदले आहेत. म्हणजे परका तो निर्धन, आणि निर्धन तो मवाळ, अशी ही साखळी पूर्ण झाली.

माझी आजी मला शाळेत पाठवताना सांगायची, "गरिबीनं राह्य, कोन्हाला उलटून बोलू नको." तिला मी निर्धन राहावे असे म्हणायचे नव्हते. तिला म्हणायचे होते, मान खाली घालून राहा, म्हणजे टिकशील. शाळेत एका शिक्षकांनी माझ्याविषयी 'पोरगा गरीब आहे' असे म्हटले ते कौतुक होते. पुढे महाविद्यालयात मी एका कार्यालयाच्या खिडकीवर शिष्यवृत्ती का थांबली म्हणून दोनदा विचारले, तेव्हा आतला कारकून शेजाऱ्याला म्हणाला, 'हे कसले गरीब?' माझ्या खिशात त्या दिवशी परतीच्या एसटीचे पैसे नव्हते. पण मी प्रश्न विचारला होता, म्हणून मी गरीब उरलो नव्हतो!

ह्या एका वाक्यात सगळे आले. या व्यवस्थेला गरीब हवा असतो तो मान खाली घातलेला. मागणारा चालतो, विचारणारा चालत नाही. मागणाऱ्यासाठी दया आहे. विचारणाऱ्यासाठी 'माजलेला' हा शब्द आहे. गावातील अत्याचारांच्या बातम्या काढून पाहा. ज्याच्यावर हल्ला झाला तो बहुतेक वेळा सर्वांत निर्धन नसतो. तो मजुरी मागणारा, गायरान कसणारा, नवे कपडे घालणारा, वरात काढणारा असतो. म्हणजे जो 'गरीब' राहायचे नाकारतो तो असतो.

६

स्वातंत्र्यानंतर गरिबी मोजण्याचे शास्त्र निर्माण झाले, आणि त्यात महाराष्ट्राचा वाटा मोठा आहे. पुण्याच्या गोखले संस्थेतील वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी १९७१ मध्ये भारतातील दारिद्र्यावरचा जो अभ्यास प्रसिद्ध केला, त्यात दर माणशी दर दिवशी २,२५० उष्मांक मिळण्याइतका खर्च ही कसोटी धरली होती. हे काम मोलाचे होते. भूक आकड्यात आणल्याशिवाय सरकारकडे मागणी करता येत नाही. पुढच्याच वर्षी, १९७२ च्या दुष्काळात, खडी फोडून ज्यांनी जीव जगवला त्यांच्या लढ्यातून रोजगार हमीचा कायदा उभा राहिला. म्हणून मोजणीला माझा विरोध नाही. विरोध आहे तो मोजलेले तेवढेच खरे मानण्याला. उष्मांक मोजता येतात. वेशीपासूनचे अंतर कोणी मोजले?

२०१९ मध्ये १०३ वी घटनादुरुस्ती झाली आणि 'आर्थिकदृष्ट्या दुर्बल घटकां'साठी दहा टक्के आरक्षण आले. उत्पन्नाची मर्यादा वर्षाला आठ लाख रुपये ठरली. आणि अनुसूचित जाती, जमाती व इतर मागासवर्ग यांतील माणूस कितीही निर्धन असला तरी त्याला त्यातून वगळले. ७ नोव्हेंबर २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तीन विरुद्ध दोन अशा मतांनी ती दुरुस्ती वैध ठरवली. न्या. भट यांनी भिन्नमत देताना हे वगळणे भेदभावाचे आहे असे म्हटले आणि सरन्यायाधीश लळीत त्यांच्याशी सहमत झाले.

आता 'गरिबाला जात नसते' हे वाक्य पुन्हा वाचा. या तरतुदीत गरिबाला जात आहे. फक्त ती आमची नसली पाहिजे. अंगावर ऊस वाहणारी माझी माय या व्याख्येत गरीब बसत नाही, आणि आठ लाखांच्या आतला सवर्ण बसतो. ज्या शब्दाचा अर्थच 'बाहेरचा' असा होता, त्या शब्दाबाहेरही आम्हांला ठेवण्यात आले. शब्दाच्या इतिहासातील हा शेवटचा टप्पा आहे, आणि तो आपल्या डोळ्यांदेखत घडला आहे.

७

मग आपण काय करावे? 'गरीब' हा शब्द टाकून द्यावा, असे मी म्हणणार नाही. फडावरचा वंजारी, मराठा, बंजारा कामगार आपला सोबती आहे. उचल, खाडा आणि मुकादम यांच्याविरुद्धची लढाई एकत्रच लढावी लागेल, आणि तेथे हा शब्द जोडणारा आहे. पण जोडताना अर्ध्या अर्थावर जोडू नये. त्याचा पहिला अर्थ त्याला परत दिला पाहिजे. गरिबीविरुद्धचा लढा म्हणजे केवळ चार पैसे अधिक मिळण्याचा लढा नव्हे. उपरेपण संपवण्याचा, गावाच्या जमिनीत, पाण्यात, पंचायतीत आणि शब्दकोशात घर मिळवण्याचा लढा होय. आणि त्याचा शेवटचा अर्थ, मान खाली घालण्याचा, तो मात्र निर्धाराने नाकारला पाहिजे.

तो मुलगा आता पदवीधर झाला आहे. अधूनमधून भेटतो. गेल्या खेपेला मी त्याला 'गरीब' शब्दाची ही सगळी हकीकत सांगितली. त्याने ऐकून घेतले आणि विचारले, "सर, मग माझ्या गावात तुमची माणसं अजून परकी आहेत, हे मी घरी कसं सांगू?" मला तो प्रश्न त्याच्या पहिल्या वाक्यापेक्षा फार मोलाचा वाटला. उत्तर अजून आम्ही दोघे शोधतो आहोत.